वाटीभर चिंचोके

मे महिन्यात नागपुरात दुपारी बारा ते पाच बाहेर पडण्यात काही अर्थ नसतो. कूलरमध्ये पाणी भरावं, सतरंजी टाकावी आणि चार-पाच जणांनी 'डंजन्स अँड ड्रॅगन्स'सारख्या, पात्रं घेऊन गोष्ट खेळायच्या खेळातून एखाद्या अंधाऱ्या राज्यात शिरावं. प्रत्येकापुढे पात्राचा कागद, मध्ये वीस बाजूंचा फासा आणि गोष्ट चालवणारा डीएम, म्हणजे डंजन मास्टर. कागदावर काहीतरी जड ठेवा, कारण राक्षस यायच्या आधीच कूलरचा झोत तो उडवतो. तर्री-पोह्यांची प्लेट हातभर लांब असू द्या. तर्री सांडली की एचपी, म्हणजे पात्राचा उरलेला जीव, 38 होते की 88, यावरच अर्धा तास जातो.

अशा काळोख्या खेळात एक पात्र हमखास असतं: एके काळचा शूरवीर, आता वाया गेलेला. फसतंही तेच सगळ्यात जास्त. नवा डीएम त्याला काळं चिलखत, लाल डोळे आणि गडगडाटी हसू देऊन मोकळा होतो. मग उरतो तो कस्तुरचंद पार्कवरचा दसऱ्याचा रावण. दिसला की जाळायचा.

आपल्याकडे अश्वत्थामा आहे की! लहानपणी पिठाचं पाणी दूध समजून पिणारा, आनंदाने नाचणारा पोरगा. पुढे तोच रात्री छावणीत शिरून झोपलेल्यांना मारतो. कपाळावरचा मणी जातो, तीन हजार वर्षं भटकण्याचा शाप लागतो. लोककथेने त्याच्या हाती शस्त्रही ठेवलं नाही. जखमेसाठी दारोदार तेल मागायला लावलं. त्या तेलापुढे काळं चिलखत काहीच नाही. 'डायब्लो' या कॉम्प्युटर गेममध्ये उलटं घडतं. राक्षसाला हरवणारा वीर त्याला आत कोंडून ठेवायला म्हणून राक्षसाचा आत्मा असलेला लाल दगड स्वतःच्याच कपाळात खुपसतो. 2000 साली दुसरा भाग आला, त्यात हाच वीर झग्यात तोंड लपवून भटकत असतो. एकाचा मणी काढला, दुसऱ्याने दगड घुसवला. जखम दोघांच्याही कपाळावरच.

पण टेबलावर नुसत्या जखमेने भागत नाही. पाचव्या लेव्हलचे चार खेळाडू एका फेरीत मिळून चाळीसेक एचपीचं डॅमेज सहज करतात. म्हणजे 120 एचपीचा वीर तीन फेऱ्यांत आडवा. तेवढ्यात त्यांचे बारा डाव होतात, त्याचे तीन. एचपी दुप्पट केले तर लढाई फक्त लांबते, आणि कोणीतरी मोबाइल काढतो. त्यापेक्षा प्रत्येक खेळाडूच्या डावानंतर या वीराला एक छोटी हालचाल द्या: दोन पावलं सरकणं, एक ढकल. आणि 60 वर आला की एकदा तरी त्याची जुनी सवय दिसू द्या. समोरच्याची तलवार पडली तर तो थांबतो, उचलू देतो. "अबे, मारत काऊन नाही हा?" असं कोणी म्हटलं की समजावं, डाव जमला.

खरी गंमत मात्र खेळाडूचाच वीर घसरू लागतो तेव्हा येते. 'तुझ्यात आजपासून पाप शिरलं' असं डीएमने जाहीर केलं तर खेळाडू रुसतो, आणि बरोबरच आहे. त्याने काही केलेलंच नसतं. म्हणून मध्ये वाटीभर चिंचोके ठेवावेत. फासा वाईट पडला की एक चिंचोका उचलून तो पुन्हा टाकता येतो, पण उचललेला चिंचोका परत वाटीत जात नाही. सेशनच्या शेवटी ज्याच्यापुढे चिंचोके असतील त्याने फासा टाकायचा. आकडा चिंचोक्यांइतका किंवा कमी आला की पात्राची एक चांगली गोष्ट गेली: एखादी शपथ, एखादं नाव, घरची वाट. एका चिंचोक्याला धोका 5 टक्के, पाचांना 25. पहिले दोन कोणीही बिनधास्त उचलतो. तिसरा आपल्या मित्राला वाचवायला. चौथ्यापासून कारणं सांगायला लागतात, आणि ती ऐकण्यासारखी असतात.

सातवा उचलताना हात वाटीवर थोडा थांबतो. बाकीचे गप्प. कूलरचा पंप तेवढा गुरगुरत असतो.