लिस्बेट मोविन यांची दोन प्रेमे

कोपनहेगनमधल्या माझ्या पहिल्या हिवाळ्यात दुपारी साडेतीनलाच दिवेलागण होऊ लागली, तेव्हा लांबलचक संध्याकाळी घालवायला मी गोथर्सगेड रस्त्यावरच्या सिनेमाटेकमध्ये, म्हणजे जुने चित्रपट दाखवणाऱ्या चित्रपटगृहात, जाऊ लागलो. डॅनिश भाषा अजून कानावरून नुसती वाहून जात होती, त्यामुळे माझे लक्ष संवादांपेक्षा चेहऱ्यांकडे अधिक असे, आणि तिथेच डॅनिश अभिनेत्री लिस्बेट मोविन यांचा चेहरा माझ्या मनात ठसला.

१९१७ साली ओडेन्स येथे जन्मलेल्या मोविन यांना दिग्दर्शक कार्ल ड्रायर यांनी 'व्रेडेन्स दाग' म्हणजे 'कोपाचा दिवस' या चित्रपटात नायिका केले. हा चित्रपट १९४३ मध्ये, डेन्मार्क जर्मनांच्या ताब्यात असताना प्रदर्शित झाला. सतराव्या शतकातल्या, चेटकिणी म्हणून बायकांना जाळण्याच्या काळातल्या या कथेत अॅन ही वृद्ध धर्मोपदेशकाची तरुण दुसरी पत्नी आहे आणि तिचे मन सावत्र मुलावर, मार्टिनवर, जडते. म्हाताऱ्या नवऱ्याला तिच्या डोळ्यांत बालकाची निरागसता दिसते, तर मार्टिनला त्याच डोळ्यांत थरथरणारी ज्योत दिसते. आणि कौतुक असे की, मोविन यांच्या नजरेकडे पाहताना आपल्याला दोघांचेही म्हणणे पटते. शेवटी ती पांढऱ्या वस्त्रात नवऱ्याच्या शवपेटीपाशी एकटी पडते, कारण मार्टिनने तिची साथ सोडलेली असते.

त्यानंतर १९४५ मध्ये बोडिल इप्सेन आणि मोविन यांचे पती लाऊ लॉरित्झेन (धाकटे) यांनी दिग्दर्शित केलेल्या 'दे रोदे एंगे' म्हणजे 'लाल कुरणे' या जर्मनांविरुद्धच्या भूमिगत लढ्याच्या चित्रपटात त्या नायकाची प्रेयसी झाल्या. १९४६ च्या कान महोत्सवातले सर्वोच्च पारितोषिक अकरा चित्रपटांना विभागून मिळाले, त्यांत हा चित्रपट होता आणि चेतन आनंद यांचा 'नीचा नगर'ही होता. 'नीचा नगर'चा तो मान मराठी रसिकाला ठाऊक असतो, पण त्या पंगतीत शेजारी कोण बसले होते, हे मला इथे येईपर्यंत माहीत नव्हते.

पुढची दशके मी भराभर ओलांडतो, कारण मला सांगायचे आहे ते १९८७ च्या 'बाबेट्स गेस्टेबुड' म्हणजे 'बाबेटची मेजवानी' या चित्रपटाबद्दल. गॅब्रिएल अॅक्सेल यांचा हा चित्रपट ऑस्कर मिळवणारा पहिला डॅनिश चित्रपट ठरला. त्यात डेन्मार्कमधल्या जटलंडच्या किनाऱ्यावरच्या कर्मठ मंडळींमध्ये मोविन वृद्ध विधवा आहेत आणि तरुणपणी चोरून केलेल्या प्रेमाचे ओझे वाहणाऱ्या या बाईचा जुना प्रियकर, म्हातारा कप्तान, झाले आहेत प्रेबेन लेर्डोर्फ रू, म्हणजे १९४३ चा तोच मार्टिन. ही निवड मुद्दाम केली होती की योगायोग होता, याचा मी फारसा विचार केला नाही. मेजवानी संपत आल्यावर ती दोघे एकमेकांचे चुंबन घेतात, तेव्हा माझ्या शेजारच्या खुर्चीतल्या आजी डॅनिशमध्ये काहीतरी पुटपुटल्या, आणि त्यातला 'अॅन' हा एकच शब्द मला कळला.