काळकोनी

"आत्या, आजोबांसाठी १७९ अंश ठेवलेत. १८० केले तर नुसती रेघ उरते."

आज संध्याकाळी भाची बाबांच्या पलंगाशेजारी कंपासपेटी उघडून बसली होती. ती म्हणे 'काळकोनी', कोन उघडून वेळ देणारी. कोन जितका उघडावा तितकी वेळ लांबते. धंदा तिचा, नियमही तिचेच. वहीवर कोनमापक घट्ट दाबून धरलेला, पेन्सिलीचं टोक त्या शेवटच्या बारीक रेघेवर. हात जराही हलू देत नव्हती.

तेव्हापासून ती एक अंशाची फट डोक्यातून जात नाहीये.

मी तिला उज्जैनच्या वेधशाळेबद्दल सांगितलं. सवाई जयसिंगांनी १८व्या शतकात बांधलेली. तिथल्या सम्राट यंत्राची तिरकी भिंत पृथ्वीच्या अक्षाला समांतर आहे, म्हणून तिच्या सावलीवरून तिथली स्थानिक वेळ वाचता येते. ती वर्षभराच्या सरासरीने आपल्या घड्याळाच्या साधारण २७ मिनिटं मागे असते. आमच्या इंदूरचंही जवळपास तेवढंच.

"म्हणजे आजोबांची २७ मिनिटं अजून शिल्लक आहेत?"

बाबा जागे होते. त्यांनी हळूच पाय आखडून तिच्या वहीला पलंगावर जागा करून दिली.

रविवारी तिला उज्जैनला नेणार आहे. बाबांना तेवढा वेळ गाडीत बसवेल का?