रेकमेंड झाल्यानंतरचं सगळं

सुट्टीवर गेलो की इंजिनिअरिंगची पोरं गाठतात आणि हमखास विचारतात, 'दादा, क्लास कुठला लावलेला?' एसएसबीचं, म्हणजे सैन्यात अधिकारी निवडणाऱ्या पाच दिवसांच्या चाचण्या-मुलाखतीचं, सगळं त्यांना पाठ असतं. त्यापुढे काय, ते कुणीच विचारत नाही. म्हणून एकदाच लिहून टाकतोय.

मी सिव्हिलचा. टीजीसी, म्हणजे टेक्निकल ग्रॅज्युएट कोर्समधून सैन्यात आलो. वय 20 ते 27, लग्न झालेलं नसावं, इंजिनिअरिंगची पदवी किंवा शेवटचं वर्ष. लेखी परीक्षा नाही. शाखेनुसार मार्कांचा कट-ऑफ लागतो आणि एसएसबीचं बोलावणं येतं. तेव्हा मी पुलाच्या साइटवर नोकरीला होतो. रजा मागितली तर साहेब म्हणाले, 'जाऊन ये, पूल काही पळून जात नाही.'

बेंगळुरूला पहिल्याच दिवशी चाळणी. धूसर चित्र 30 सेकंद बघायचं, गोष्ट लिहायची, मग गटात चर्चा. चर्चा कसली, मासळीबाजारच! बरीच पोरं त्याच दिवशी बॅगा उचलून स्टेशनच्या वाटेला लागली. मग मानसशास्त्राच्या चाचण्या: 60 शब्द, प्रत्येकावर 15 सेकंदांत वाक्य लिहायचं; मग 60 प्रसंग, त्यात काय कराल ते अर्ध्या तासात लिहायचं. पाठ केलेलं उत्तर आठवेपर्यंत पुढचा शब्द येतो. वेग मुद्दामच तसा ठेवला असणार.

खरी मजा जीटीओच्या, म्हणजे गटाची परीक्षा घेणाऱ्या अधिकाऱ्याच्या, मैदानावर. एक फळी, एक बल्ली, दोर आणि पलीकडे न्यायचं ओझं. लाल रंगाला माणसानेही शिवायचं नाही, सामानानेही नाही. आमच्या गटात सगळेच इंजिनिअर, त्यामुळे कॅन्टिलिव्हर, म्हणजे एका टोकाला दाबून दुसरं टोक अधांतरी पुढे काढणं, प्रत्येकालाच येत होता. फळी किती पुढे काढायची यावर रण पेटलं. एवढ्यात मेकॅनिकलचा एक अबोल पोरगा फळीच्या मागच्या टोकावर जाऊन बसला आणि म्हणाला, 'जा आता.' मी गेलो, पलीकडून दोर टाकला, एकेकाला ओढून घेतलं. यात मार्क कुणाला कशाचे मिळाले, ते कधीच कळत नाही.

मुलाखतीत विचारलं, सैन्यातली इंजिनिअर्स कोअरच का? मी राम राघोबा राणे यांचं नाव घेतलं. कारवारजवळच्या चेंडिया गावचे, 1940 साली बॉम्बे इंजिनिअर्समध्ये भरती झालेले. एप्रिल 1948 मध्ये नौशेरा-राजौरी रस्त्यावर सुरुंग, तोडून टाकलेली झाडं, उडवलेले मोऱ्या-पूल असं सगळं गोळीबारात बाजूला करत त्यांनी रणगाड्यांना वाट करून दिली. जखमी असूनही थांबले नाहीत. परमवीर चक्र मिळालं. मुलाखतकारांनी लगेच साइटवर वळवलं: 'तुमच्या पुलावर मजूर किती? त्यातल्या कितींची नावं सांगाल?' नावं मला येत होती. त्यावर बराच वेळ बोलणं झालं.

शेवटच्या दिवशी रेकमेंड झालेल्या, म्हणजे निवडलेल्या पोरांचे चेस्ट नंबर (छातीवर लावलेले क्रमांक) पुकारले. माझा होता, त्या अबोल पोराचाही. घरी फोन गेला, पेढे वाटून झाले. आणि मेडिकलला उंचीच्या मानाने वजन जास्त निघालं! तात्पुरता अनफिट. अपील मेडिकल बोर्डासाठी 42 दिवसांची मुदत मिळते. आजीला वाटलं, पोराला उपाशी ठेवून सैन्य काय मिळवणार आहे? तिच्या हातचं तूप चुकवणं पळण्यापेक्षा अवघड गेलं. बोर्डाने फिट दिलं.

तरी संपत नाही. फिट झालेल्यांचीही मेरिट लिस्ट लागते आणि सिव्हिलच्या जागा असतात मोजक्या. रेकमेंड, फिट आणि तरीही घरी, असे कितीतरी जण असतात. ती यादी लागेपर्यंत मी साइटची नोकरी सोडली नव्हती. तुम्हीही सोडू नका.

मग डेहराडूनला आयएमएत, म्हणजे इंडियन मिलिटरी अकॅडमीत, वर्षभर. त्यावर काही लिहीत नाही; तिथे झोप सोडून सगळं मिळतं. पासिंग आउटच्या आधी आर्म, म्हणजे सैन्यातला विभाग, ठरली: इंजिनिअर्स. त्यातही मद्रास, बेंगॉल आणि बॉम्बे असे तीन ग्रुप. बॉम्बे सॅपर्सचं (सॅपर म्हणजे सैन्यातला इंजिनिअर) घर आपल्या खडकीत.

सध्या पुण्यात सीएमईला, म्हणजे कॉलेज ऑफ मिलिटरी इंजिनिअरिंगला, यंग ऑफिसर्स कोर्स चालू आहे. बेली पुलाचं, म्हणजे सुटे भाग जोडून उभारायच्या लोखंडी पुलाचं, एक पॅनल 10 फूट लांब, वजन अडीचशे किलोच्या वर. सहा जण मिळून उचलतात, आणि त्या सहांत अधिकारीही असतो. सुरुंग, स्फोटकं, पाणीपुरवठा हे सगळं पहिल्यापासून शिकायचं. डिग्रीत यातलं फारसं नव्हतं. एनडीएतून इंजिनिअर्समध्ये आलेले सोबती पुढे इथेच बीटेकला येतील. माझी तेवढी परीक्षा तरी वाचली.