विधवा प्रथा बंदीचा ठराव पास झाला, पण मयतीच्या घरात उभं कोण राहणार? (माझा अनुभव)

सगळे विचारतात की सिस्टर, रिटायर झाल्यावर घरात निवांत बसायचं सोडून पंचायतीत कशाला शिरलात, म्हणून एकदाच सगळं लिहून टाकते. मी एएनएम (सरकारी नर्स) होते, मिरज तालुक्यात उपकेंद्रावर नोकरी झाली. लसीकरण, बाळंतपणं, घरभेटी आणि रजिस्टरं, रजिस्टरं तर संपतच नाहीत.

नोकरीत असताना एकदा मयतीच्या घरातून संध्याकाळी बोलावणं आलं. पोरगी पंचविशीच्या आतली, नवरा गाडीवरून पडून गेलेला आणि ही सात महिन्यांची गरोदर. सकाळी बायकांनी मनगटावर मनगट आपटून बांगड्या फोडलेल्या, त्यातली एक काच आम्ही नाडी बघतो बरोबर तिथंच आत रुतलेली. चिमट्याने काढली, बीटाडीन लावलं, पट्टी बांधली, धनुर्वाताचं (टीटी) इंजेक्शन दिलं. मग बघते तर पायाच्या बोटाची साल गेलेली. पाय सुजल्यामुळं जोडवी निघत नव्हती म्हणून साबण लावून ओढून काढलेली. सासू शेजारीच बसलेली, ती पण विधवा. मी काही बोलायच्या आधीच म्हणाली, सिस्टर, आमचं बी असंच झालं. मी बीपी बघितलं, गोळ्या दिल्या आणि निघून आले. सरकारी नोकरीत त्यापेक्षा जास्त काय करणार, आणि खरं सांगायचं तर तेव्हा कुणी करायचं म्हणालं असतं तरी नक्की काय करायचं हे मला सुचलं नसतं.

ते सुचलं 2022 मध्ये. शिरोळ तालुक्यातलं हेरवाड आमच्यापासून काही लांब नाही, तिथल्या ग्रामसभेने 4 मेला ठराव केला, वर्ष शाहू महाराजांच्या स्मृतिशताब्दीचं. नवरा गेल्यावर कुंकू पुसणं, मंगळसूत्र तोडणं, बांगड्या फोडणं, जोडवी काढणं हे सगळं गावात बंद. मागं करमाळ्याचे सामाजिक कार्यकर्ते प्रमोद झिंजाडे यांचा पाठपुरावा होता. 17 मेला ग्रामविकास खात्याचं परिपत्रक पण निघालं की बाकीच्या पंचायतींनी हेरवाडसारखं करावं. मी तोवर रिटायर झालेले. म्हटलं चला, आपल्या पण गावात होईल. सरपंचांकडे गेले तर बघू बघू. परत गेले तर निवडणूक तोंडावर आहे, बायकांचा विषय आत्ता नको. मग माझं डोकं फिरलं. आमच्या वॉर्डातली एक जागा सर्वसाधारण महिलेसाठी होतीच, भरला फॉर्म.

फॉर्म भरणं हा एक वेगळाच ताप आहे. डिसेंबर 2022 ची निवडणूक, फॉर्म ऑनलाइन भरून प्रिंट द्यायची आणि साइट चालता चालत नव्हती, शेवटी निवडणूक आयोगाने शेवटच्या दिवशी हाताने भरलेले फॉर्म घ्यायला परवानगी दिली तेव्हा लोकांचा जीव भांड्यात पडला. शौचालयाचा दाखला, घरपट्टी बाकी नसल्याचा दाखला, दोनपेक्षा जास्त अपत्यं नसल्याचं हमीपत्र, आणि खर्चासाठी बँकेत वेगळं खातं लागतं हे बऱ्याच जणींना आदल्या दिवशी कळतं आणि मग धावपळ. टेबलावरचा माणूस मला म्हणतो, मालकांना पाठवा की बोलायला. आमचे मालक बाहेर रसवंतीवर निवांत बसलेले, त्यांना यातलं ओ की ठो माहीत नाही.

प्रचाराला पॅनेल नाही, पैसा नाही, पण नोकरीतलं एक कामाला आलं. वॉर्डातल्या निम्म्या पोरांना मीच पोलिओचे डोस पाजलेले, त्यामुळं पुढारी आला की बायका चुलीपाशी जातात, मी गेले की चुलीपाशी मलाच बोलावतात. निवडून आले, मतं काय फार पडली नाहीत पण पुरली.

आता मूळ गोष्ट. कायद्याने ग्रामसभेआधी महिलांची सभा घ्यायची असते. बऱ्याच गावांत काय होतं तर शिपाई रजिस्टर घेऊन घरोघरी फिरतो, बायका पीठ लागलेल्या हातानं सह्या करतात आणि झाली सभा. मी भाऊसाहेबांना (आमच्याकडं ग्रामसेवकाला भाऊसाहेब म्हणतात) सांगितलं की यावेळी सभा मारुतीच्या देवळातच होणार आणि मी स्वतः बोलावणार. तसं मीच फिरले, आशाताई (गावातली आशा कार्यकर्ती) सोबत, आणि सगळ्यात आधी विधवा बायकांच्याच घरी गेले.

माझा अंदाज होता की आधी पुरुषच आडवे येतील. पण पहिला प्रश्न बायकांनीच विचारला आणि तो रीतीचा नव्हताच. कुंकू लावलं तर निराधारचा पगार बंद होईल का? म्हणजे संजय गांधी निराधार योजनेचे पैसे. चौकशीला माणूस आला आणि कपाळावर टिकली दिसली तर म्हणेल हिनं दुसरं लग्न केलंय, अशी भीती. मी मिरजेला जाऊन नियम विचारून आले. कागद लागतो तो नवऱ्याच्या मृत्यूचा दाखला आणि उत्पन्नाचा दाखला, कपाळ कुणी तपासत नाही. हे सांगितल्यावर अर्ध्या बायका मोकळ्या झाल्या. भाषणं देणाऱ्या कुणालाच हा प्रश्न माहीत नसतो याचा मला अजून राग येतो.

दुसरी अडचण माझीच. एक आक्का भर सभेत म्हणाल्या, सिस्टर तुमचा मालक धडधाकट हाय, तुम्हाला बोलायला काय जातंय. बरोबर होतं त्यांचं. म्हणून ठरावाला सूचक (ठराव मांडणारी) मी झाले नाही, त्या आक्कांनाच म्हटलं तुम्ही व्हा. त्या आधी नाही म्हणाल्या, मग सुनेशी बोलल्या आणि तयार झाल्या. अनुमोदक म्हणून एक रिटायर फौजी घेतले कारण पुरुषांतला आवाज पण लागतोच, हे राजकारण आहे आणि मला त्याची लाज वाटत नाही.

26 जानेवारीच्या ग्रामसभेत विषय 'ऐनवेळचे विषय' मध्ये ढकलला आणि शेवटी वेळ संपली. त्यामुळं 1 मेच्या वेळी लेखी अर्ज देऊन पोच घेतली आणि विषयपत्रिकेवर नंबर घालूनच घेतला. कोरमला (म्हणजे सभेच्या किमान हजेरीला) 15 टक्के मतदार किंवा 100 यातलं जे कमी ते लागतं. कोरम नाही म्हणून तहकूब झालेली सभा परत घेतात तेव्हा कोरमची अट नसते, मग चार टाळकी बसून काय वाट्टेल ते ठरवतात, म्हणून आम्ही बायकांनी आधीच पटांगण भरून टाकलं. एक तात्या उठले, रीत मोडली तर पितर कोपतील. फौजींनी विचारलं, तात्या, बायको गेल्यावर तुम्ही काय काय फोडलंत? हशा झाला, तात्या खाली बसले. ठराव पास.

पण ठरावाला दंड नाही की शिक्षा नाही, परिपत्रकात पण जनजागृतीच करायला सांगितलीय. आणि मयत झाल्यावर घरात रडारड, कुणाला ठराव आठवतोय? बांगड्या फोडायचं काम करायला पाहुण्यांतल्या म्हाताऱ्या बायकाच येतात, त्या आमच्या गावच्या नसतात, त्यांना आमची ग्रामसभा माहीत पण नसते. म्हणून आम्ही गल्लीवार बायका ठरवल्या. मयत कळली की दोघींनी लगेच जायचं, भाषण करायचं नाही, नुसतं त्या बाईच्या दोन्ही बाजूला बसायचं आणि तिचे हात हातात धरून ठेवायचे. हात मोकळेच नसतील तर बांगड्या फोडणार कशा.

पहिल्या मयतीला जमलं. पुढच्या एका घरात नाही जमलं, रक्षाविसर्जनाच्या सकाळी आम्ही पोचायच्या आधीच नदीवर सगळं उरकलं होतं. तिच्या भावानेच घाई केली असं नंतर कळलं. तिच्याकडे मी अजून जाते, ती बोलत नाही, मी बीपी बघून येते. हळदीकुंकवाला विधवांना बोलवायचं यावर तर आमच्या गटातल्याच दोन-तीन जणी अजून अडून बसल्यात. त्यांच्याशी भांडण नाही, संक्रांतीपर्यंत बघू.

ज्यांना आपल्या गावात करायचंय त्यांना एवढंच सांगते, ठरावाची सही-शिक्क्याची नक्कल पहिल्याच आठवड्यात मागून घ्या, लॅमिनेशन करा आणि गल्लीतल्या त्या दोघींकडे एकेक ठेवा. मयतीच्या घरात कुणी ना कुणी हमखास विचारतं, कुठं लिहिलंय दाखवा.