देव्हाऱ्यावरचा पांढरा कागद

पुण्यात जपानी भाषा शिकवू लागल्यापासून मला सर्वांत जास्त वेळा विचारला गेलेला प्रश्न व्याकरणाचा नाही. "जपानी लोकांचा धर्म कोणता? की ते धर्म मानतच नाहीत?" असे विद्यार्थी विचारतात, त्यांचे पालक विचारतात आणि जपानची सहल करून आलेले स्नेही तर हमखास विचारतात, कारण क्योतोमध्ये पावलोपावली त्यांनी देवळे पाहिलेली असतात आणि भेटलेल्या एखाद्या जपानी माणसाने "मला काही धर्म नाही" असे त्यांना अगदी सहज सांगितलेले असते. वर्गात घंटा होण्यापूर्वी दोन वाक्यांत काहीतरी सांगून मी आजवर वेळ निभावून नेली. तुम्ही पुन्हा विचारलेत, म्हणून या वेळी सविस्तर लिहिते.

आकडे पाहिले तर गोंधळ वाढतो. तेथील सरकारच्या संस्कृती विभागाच्या वार्षिक अहवालात शिंतो, म्हणजे जपानच्या मूळ देवपरंपरेची देवस्थाने, बौद्ध मंदिरे आणि इतर संस्था यांनी कळवलेल्या अनुयायांची बेरीज १६ कोटींच्या पुढे जाते, आणि देशाची लोकसंख्या मात्र सव्वाबारा कोटींच्या आसपास आहे. उलट माणसांनाच थेट विचारले, तर दहांपैकी सुमारे सात जण आपली कोणत्याही धर्मावर श्रद्धा नसल्याचे सांगतात. या दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत, हे मला जपानमधील ओकायामा शहरात एका घरात राहिल्यावर समजले.

शिक्षणासाठी तेथे असताना मी एका वृद्ध दांपत्याच्या घराच्या वरच्या मजल्यावर भाड्याने राहत होते. खालच्या खोलीत दोन देव्हारे होते. एक कामिदाना, म्हणजे छतालगतच्या फळीवर ठेवलेले छोटे लाकडी देऊळ. त्यात गावच्या शिंतो देवस्थानातून आणलेले देवाच्या नावाचे पत्र, आणि पुढे तांदूळ, मीठ, पाणी व साकाकीच्या हिरव्या डहाळ्या. दुसरा बुत्सुदान, म्हणजे काळ्या लाखेचे दोन दारांचे कपाट; त्यात बुद्धमूर्ती आणि घरातील गेलेल्या माणसांच्या नावांच्या उभ्या पाट्या. आजी रोज सकाळी कुकरमधला पहिला भात चिमुकल्या वाटीत काढून बुत्सुदानासमोर ठेवत, उदबत्ती लावत आणि वाटीसारखी घंटा एकदा वाजवून हात जोडत. मी पुण्याहून नेलेला आंबाबर्फीचा डबासुद्धा आधी तेथे ठेवला गेला आणि मगच उघडला गेला. एकदा मी आजींना तुमचाच प्रश्न विचारला. त्यांनी बराच विचार केला आणि म्हणाल्या, "आमचं घर शिंगोन पंथाचं आहे." शिंगोन हा जपानमधला एक बौद्ध पंथ. 'मी' हा शब्द त्यांच्या उत्तरात आलाच नाही.

त्याच हिवाळ्यात आजोबा गेले. आजींनी मला खाली बोलावले, हातात एक कोरा पांढरा कागद आणि चिकटपट्टी दिली आणि कामिदानाच्या तोंडावर तो कागद लावायला सांगितला. "हे घरच्यांनी करायचं नसतं. तू घरातली नाहीस, म्हणून तुला सांगते," असे त्या हलक्या आवाजात म्हणाल्या. मृत्यूचा विटाळ देवापर्यंत पोहोचू नये म्हणून पन्नास दिवस तो देव्हारा झाकलेला राहतो, घरची माणसे त्या काळात देवस्थानाच्या तोरणाकमानीखालून जात नाहीत, आणि त्या वर्षी नव्या वर्षाची शुभेच्छापत्रेही पाठवत नाहीत. मी स्टुलावर चढून कागद लावला. सुतकात देवपूजा दुसऱ्याकडून करवून घेणाऱ्या घरात वाढलेल्या मुलीला यातले काहीही समजावून सांगावे लागले नाही.

शिंतो देवाला असे दूर ठेवून अंत्यसंस्कार मात्र बौद्ध पद्धतीने झाले. मंदिराच्या पुरोहितांनी आजोबांना मृत्यूनंतरचे नवे नाव दिले आणि ते पांढऱ्या लाकडाच्या पाटीवर लिहून आणले. त्या नावाच्या डोक्यावर एक अक्षर होते, जे मला आधी चित्र वाटले. मग ते सिद्धम् या जुन्या भारतीय लिपीतील 'अ' आहे असे पुरोहितांनीच सांगितले, कारण शिंगोन पंथात ते महावैरोचन या त्या पंथाच्या मुख्य बुद्धाचे अक्षर मानतात. पुढे स्मशानभूमीत उंच लाकडी फळ्यांवर वरून खाली 'ख, ह, र, व, अ' अशी अक्षरे पाहिली: आकाश, वायू, अग्नी, जल आणि पृथ्वी. या फळ्यांना 'सोतोबा' म्हणतात, आणि तो आपल्या 'स्तूप' या शब्दाचाच जपानी उच्चार आहे. मी तेथे किती वेळ उभी होते, ते मला सांगता येणार नाही.

त्या दिवसांत मी शेजाऱ्यांकडूनच सगळे शिकले. दुखवट्याचे पैसे काळ्या-पांढऱ्या दोऱ्याच्या पाकिटातून द्यायचे, आणि त्यात कोऱ्या करकरीत नोटा घालायच्या नाहीत, कारण या प्रसंगाची तयारी आधीपासून करून ठेवली होती असे ते दिसते. दारातील टेबलाशी बसून नावे आणि रकमा वहीत लिहिण्याचे काम आळीच्या मंडळातील दोन गृहस्थांनी केले, कारण पुढे प्रत्येकाला परतभेट पाठवायची असते. निघताना सर्वांना मिठाची एक पुडी मिळाली. घरात पाऊल टाकण्यापूर्वी ते मीठ अंगावर शिंपडून घ्यायचे. बौद्ध अंत्यविधीहून परतताना शिंतोची शुद्धी करून घेण्यात तेथे कोणालाही विसंगती वाटली नाही.

ही वाटणी इतिहासाने केली आहे. सतराव्या शतकात तोकुगावा राजवटीने ख्रिस्ती धर्मावर बंदी घातली आणि ती अमलात आणण्यासाठी प्रत्येक घराची नोंद एखाद्या बौद्ध मंदिरात सक्तीची केली. तेव्हापासून मरणाची सर्व कार्ये त्या त्या घराच्या मंदिराकडे राहिली. देव आणि बुद्ध मात्र शतकानुशतके एकाच आवारात नांदत होते. सम्राट मेइजींच्या नव्या सरकारने १८६८ मध्ये त्यांना वेगळे करण्याचे हुकूम काढले आणि पुष्कळ ठिकाणी मूर्ती व ग्रंथ नष्ट झाले. 'धर्म' या अर्थाने आज वापरला जाणारा 'शूक्यो' हा शब्दही त्याच सुमारास पाश्चात्त्य कल्पनेसाठी रूढ झाला. म्हणून "तुमचा शूक्यो कोणता?" असे विचारले, की एखाद्या संप्रदायात नाव घातले आहे का, असाच अर्थ ऐकणाऱ्याला लागतो. २० मार्च १९९५ रोजी ओम् शिनरिक्यो या पंथाच्या लोकांनी टोकियोच्या भुयारी रेल्वेत सारिन वायू सोडल्यानंतर तर तो शब्द अनेकांना नकोसा झाला.

आपल्या भाषेत मात्र या प्रश्नाचे उत्तर देण्याजोगे शब्द आहेत, आणि ते मला फार उशिरा सुचले याची खंत वाटते. कुळधर्म, कुळाचार आणि शेजारधर्म. जपानी माणसाला कुळधर्म आहे आणि कडक शेजारधर्म आहे, एवढे म्हटले की आजींचे उत्तर कळते. शाळेत मुले स्वतः वर्ग झाडतात, आगगाडीत फोनवर बोलत नाहीत, याचे आपल्याकडे फार कौतुक होते. त्यामागे 'मेइवाकु', म्हणजे आपला उपद्रव दुसऱ्याला होऊ नये, ही लहानपणापासून मनावर बिंबवलेली काळजी आहे.

तिचे ओझेही मी पाहिले आहे. जुन्या खेड्यांत एखाद्या घरावर बहिष्कार घालण्याला 'मुराहाचिबु' म्हणत. दहापैकी आठ व्यवहार तोडायचे, आग आणि अंत्ययात्रा ही दोनच राखायची, असा त्याचा अर्थ सांगितला जातो. आजही पुष्कळ माणसे मदत मागणे हाच उपद्रव समजून एकाकी राहतात. आजींची मुले टोकियोत स्थायिक झाली होती. आपल्यामागे थडग्याला पाणी कोण घालणार, ही त्यांची चिंता घरोघरची आहे, आणि थडगे मोडून अस्थी दुसरीकडे हलवण्याच्या विधीसाठी 'हाकाजिमाइ' हा शब्द आता सर्रास कानावर येतो.

पन्नास दिवस संपल्यावर कामिदानावरचा कागद आजींनी स्वतः काढला आणि नव्या डहाळ्या ठेवल्या. ऑगस्टमध्ये ओबोन आला. त्या दिवसांत पितर घरी येतात, आणि मृत्यूनंतरच्या पहिल्या ओबोनला पांढरा कंदील टांगतात, कारण नव्याने गेलेल्याला घराची वाट अजून सरावाची नसते. आजींचा हात पोहोचेना, म्हणून त्यांनी मला पुन्हा हाक मारली. त्याच स्टुलावर उभी राहून मी कंदील अडकवला. त्या खालून बघत होत्या आणि "थोडा रस्त्याच्या बाजूला, त्यांना दिसायला हवा," असे सांगत होत्या.