क्लेम नाकारल्याचं पत्र आलं, पुढे काय?

आरोग्य विम्याचा क्लेम नाकारला गेला की बहुतेक लोक दोनपैकी एक गोष्ट करतात. एक तर एजंटला रोज फोन करतात, नाहीतर कंपनीला 'इतकी वर्षं हप्ते भरले, आता गरज पडली तेव्हा हात वर केले' असं लांबलचक ईमेल पाठवतात. राग रास्त आहे, पण त्यावर निकाल फिरत नाही. नाकारल्याच्या पत्रात पॉलिसीचं कुठलं कलम लिहिलंय, ते आधी बघा. पुढची सगळी लढाई त्या एका कलमाशी असते. पत्रात कलमच नसेल तर तीच पहिली तक्रार, कारण पॉलिसीतल्या नेमक्या अटीचा हवाला देणं कंपनीवर बंधनकारक आहे.

आधी एक गैरसमज दूर करू. कॅशलेस, म्हणजे कंपनीने रुग्णालयाचं बिल थेट भरणं, नाकारलं म्हणजे क्लेम नाकारला असं नव्हे. टीपीएने (कंपनीच्या वतीने क्लेमचं काम बघणाऱ्या संस्थेने) कॅशलेस मंजुरी दिली नाही तरी बिल भरून नंतर परतफेडीसाठी कागद देता येतात. आणि पूर्ण क्लेम नाकारायचा तर विमा नियामक आयआरडीएआयच्या 2024 च्या परिपत्रकाप्रमाणे तो निर्णय कंपनीच्या क्लेम पुनरावलोकन समितीच्या मंजुरीशिवाय घेता येत नाही. टीपीएच्या डेस्कवरच्या माणसाचं 'रिजेक्ट झालाय' हे तोंडी उत्तर पुरेसं नाही. लेखी पत्र मागा.

नाकारण्याची कारणं मोजकीच असतात. सगळ्यात त्रासदायक म्हणजे 'आधीचा आजार लपवला'. हे कुठून येतं? दाखल होताना रात्रपाळीचा आरएमओ (रुग्णालयातला निवासी डॉक्टर) घाईघाईत हिस्ट्री लिहितो: 'के/सी/ओ एचटीएन, 10 वर्षं'. म्हणजे रुग्णाला दहा वर्षांपासून रक्तदाब आहे. नातेवाईक अंदाजाने बोललेले असतात, खरा रक्तदाब निघालेला असतो तीन वर्षांपूर्वी आणि पॉलिसी असते चार वर्षांची. कंपनी इनडोअर केस पेपर, म्हणजे दाखल असतानाच्या नोंदी, मागवते, ती ओळ सापडते, आणि हृदयाच्या उपचाराच्या बिलावर नकाराचा शिक्का बसतो. यावर उपाय म्हणजे निदान पहिल्यांदा झालं तेव्हाचं प्रिस्क्रिप्शन, त्या वेळचे रिपोर्ट, आणि उपचार करणाऱ्या डॉक्टरांचं खुलाशाचं पत्र. नुसतं मागाहून आणलेलं पत्र असेल तर ते संशयानेच वाचलं जातं. जुना कागद सोबत असला की त्याला वजन येतं. म्हणून डिस्चार्ज समरी हातात पडली की घरी जायच्या आधी, तिथेच, हिस्ट्रीची ओळ वाचावी आणि चूक असेल तर तिथेच दुरुस्त करून घ्यावी.

पॉलिसी सलग 60 महिने चालू असेल तर माहिती लपवल्याच्या कारणावरून क्लेम नाकारता येत नाही. अपवाद फक्त सिद्ध झालेल्या फसवणुकीचा. पोर्ट केलेल्या (दुसऱ्या कंपनीकडून बदलून आणलेल्या) पॉलिसीची आधीची वर्षंही यात धरतात. मात्र विमा रक्कम मध्येच वाढवली असेल तर वाढीव भागाची मोजणी वाढवल्या दिवसापासून सुरू होते. हे अनेकांच्या लक्षात येत नाही.

दुसरं कारण, 'फक्त तपासण्यांसाठी दाखल'. इथे समरीपेक्षा नर्सिंग चार्ट बोलतो: शिरेतून कोणती औषधं दिली, किती वेळा, ऑक्सिजन लागला का. सगळी औषधं गोळ्यांच्या स्वरूपात असतील तर केस अवघड आहे, हे मान्य करायला हवं.

तिसरी गोष्ट नकाराची नाही, कापाकापीची. पॉलिसीत खोलीभाड्याची मर्यादा दिवसाला 3,000 आणि घेतली 6,000 ची खोली, तर डॉक्टरांची फी, ऑपरेशन थिएटर वगैरे निम्म्यावर येतं. पण औषधं, इम्प्लांट, तपासण्या यांवर ही कात्री चालवता येत नाही, आयसीयूच्या आकारावरही नाही. आणि खोलीनुसार दर न बदलणाऱ्या रुग्णालयात तर ती लागूच होत नाही. सेटलमेंट शीट बिलाशेजारी ठेवून ओळीओळीने ताडून पाहा, चुका निघतात.

अपिलाची पहिली पायरी कंपनीचा तक्रार निवारण अधिकारी. ईमेलमध्ये क्लेम क्रमांक, नाकारल्याची तारीख, कलम, त्याला तुमचं उत्तर आणि जोडलेले कागद, एवढंच. दोन पानांत बसलं पाहिजे. आयआरडीएआयच्या बीमा भरोसा या तक्रार पोर्टलवरही तक्रार नोंदवावी, म्हणजे टोकन क्रमांक राहतो. पोर्टल स्वतः निकाल देत नाही, तक्रार कंपनीकडेच जाते.

उत्तर पटलं नाही किंवा महिनाभरात आलंच नाही, तर विमा लोकपाल, म्हणजे विमा कंपन्यांविरुद्धच्या तक्रारींवर निकाल देणारा अधिकारी. महाराष्ट्रात मुंबई, ठाणे आणि पुणे इथे कार्यालयं आहेत, अर्ज ऑनलाइनही होतो. फी नाही, वकील चालत नाही, आणि 50 लाखांपर्यंतची भरपाई देता येते. मुदत एक वर्षाची. कंपनीला आधी लेखी तक्रार केल्याचा पुरावा नसेल तर अर्ज तिथेच अडतो. सुनावणी छोटी असते, व्हिडिओवरही होते. तिथे नवा कागद काढून दाखवण्यापेक्षा तो आधीच फाइलमध्ये असलेला बरा. निकाल कंपनीवर बंधनकारक असतो, तुमच्यावर नाही. 30 दिवसांत अंमलबजावणी झाली नाही तर कंपनीला दिवसाला 5,000 रुपये तक्रारदाराला द्यावे लागतात.

ग्राहक आयोगाचा मार्गही आहे, पण दोन्हीकडे एकाच वेळी जाता येत नाही. तिथे मुदत दोन वर्षांची, आणि तुम्ही राहता त्या जिल्ह्यात दावा लावता येतो. अधिकारक्षेत्र क्लेमच्या रकमेवर नव्हे, भरलेल्या हप्त्यावर ठरतं, त्यामुळे घरगुती आरोग्य विम्याचं जवळपास प्रत्येक प्रकरण जिल्हा आयोगातच बसतं. मानसिक त्रासाची भरपाई मागायची असेल किंवा साक्षीपुरावा तपासायची गरज असेल तर आयोग. निव्वळ कागदावरचा वाद असेल तर आधी लोकपाल. लोकपालाकडे वेळ गेला म्हणून आयोगाची दोन वर्षं थांबतील असं मात्र धरून चालू नका. नकारपत्राची तारीख कॅलेंडरवर लिहून ठेवा.