शाळिग्रामाचे खांब

रविवार, रात्री साडेदहा

आज ड्यूटी नव्हती म्हणून दोघं इंग्लंडमधल्या लुइस गावाला जाऊन आलो. हाय स्ट्रीटवर गिडियन मँटेल या डॉक्टरचं घर आहे, कासल प्लेस. दर्शनी भिंतीतल्या खांबांच्या माथ्यावर अमोनाइटची, म्हणजे नामशेष झालेल्या एका शंखधारी सागरी जिवाची, वेटोळी कोरलीत. बांधणाऱ्याचं नाव एमन, त्यावरची ही कोटी, असं म्हणतात. मला मात्र आजीच्या देवघरातला शाळिग्रामच दिसला. गंडकीतला तो दगडही अमोनाइटचाच जीवाश्म. आजी त्यावर रोज तुळस वाहायची.

मँटेल जोडे शिवणाऱ्याचा मुलगा, जन्म १७९०चा. साथीच्या दिवसांत रोजचे पन्नासेक पेशंट, वर्षाला दोन-तीनशे बाळंतपणं, आणि हे सगळं घोड्यावरून किंवा घोडागाडीतून. माझे तीस पेशंट झाले की चहा उभ्यानेच घशाखाली जातो. हा गृहस्थ त्यातून रात्री हाडं साफ करत बसायचा.

१८२२च्या सुमारास ककफील्डच्या खाणीतले मोठाले दात त्याच्या हाती आले. तो पेशंटकडे गेला असताना बायकोला, मेरी अ‍ॅनला, ते रस्त्याकडेला सापडले अशी गोष्ट सांगतात. त्या गोष्टीला पुरावा नाही, पण त्याच्या पुस्तकातल्या चित्रांचे ठसे तिने कोरले होते, हे नक्की. पॅरिसच्या क्युव्हिए या नामांकित प्राणिशास्त्रज्ञाने आधी दात गेंड्याचा ठरवला. पुढे लंडनच्या हंटेरियन संग्रहालयात कुणीतरी इग्वाना या सरड्याचा सांगाडा पुढे ठेवला, दातांची ठेवण जुळली आणि कोडं सुटलं. १८२५ला इग्वानोडॉनवरचा, म्हणजे त्या दातांच्या मालकावरचा (आज आपण त्याला डायनोसॉर म्हणतो), निबंध रॉयल सोसायटीत वाचला गेला. अंगठ्याचा काटा त्याने नाकावर शिंग म्हणून बसवला होता, ती चूक बेल्जियममध्ये अख्खे सांगाडे निघाल्यावर उमगली. मला ही चूक फार आवडते.

पुढचं वाचवत नाही. १८३३ला तो ब्रायटनला गेला, बड्या लोकांची प्रॅक्टिस मिळेल म्हणून. घरात हाडंच हाडं. लोक यायचे ते हाडं बघायला, औषधाला कोणी येईना. शेवटी घराचंच म्युझियम झालं. १८३८ला सगळा संग्रह चार हजार पौंडांना ब्रिटिश म्युझियमला विकावा लागला. पुढच्या वर्षी मेरी अ‍ॅन घर सोडून गेली. १८४१ला गाडीच्या अपघातात पाठीचा कणा जायबंदी झाला, आणि उरलेली अकरा वर्षं अफूच्या आधाराने. तरी लिहिणं चालूच. मेल्यावर त्याचाच कणा सर्जन्स कॉलेजच्या बरणीत जाऊन बसला.

लोक त्याला व्यासंगी म्हणतात. आहेच. पण ब्रायटनच्या त्या घरात चार मुलांना घेऊन बसायला जागा कुठे होती, हे मला कुणी सांगत नाही.

परत येताना गाडीत हिला हे सगळं सांगितलं. ती म्हणाली, "आणि आपल्या जेवणाच्या टेबलावर काय आहे?"

पणजोबांचे मोडी कागद. दिवाळीपासून तिथेच आहेत, आम्ही मांडीवर ताटं घेऊन जेवतो. आत्ता अर्धे उचलून कपाटात ठेवले. उरलेल्या अर्ध्यांत एक गहाणखत आहे, त्यातली एक ओळ अजून लागत नाहीये.